विस्मृतीचा माग काढणारा डॉक्टर

मॉस्कोतील एका मनोरुग्णालयात, एकोणिसाव्या शतकाच्या नवव्या दशकात, एक डॉक्टर रुग्णाच्या खाटेशेजारी बसून गप्पा मारीत असे. रुग्ण सुशिक्षित, बोलण्यात चतुर, पत्त्यांचा किंवा बुद्धिबळाचा डाव उत्तम खेळणारा. भूतकाळातील घटना तो रंगवून सांगे, विनोदालाही दाद देई. नवख्या माणसाला या गृहस्थाला इथे का ठेवले आहे, असाच प्रश्न पडला असता. डॉक्टर मग काही निमित्ताने उठून बाहेर जाई आणि दोन मिनिटांनी परत येई. रुग्ण त्याचे स्वागत करी, ते त्या दिवशी प्रथमच भेट होत असल्यासारखे. मघाच्या गप्पा, मघाचा डाव, मघाशी समोर बसलेला माणूस, सारे पुसले गेलेले असे. पुन्हा तीच कहाणी, तेच प्रश्न.

असे रुग्ण त्यापूर्वीही अनेकांनी पाहिले होते. त्यांच्यापाशी थांबून राहिला तो सर्गेई सर्गेयेविच कोर्साकॉव्ह. दीर्घकाळच्या अतिमद्यपानाचा स्मृतीशी काय संबंध आहे, याची पहिली पद्धतशीर मांडणी त्याच्या नावावर जमा आहे, आणि ज्या विकाराला आज जगभर त्याचे नाव आहे त्याच्याकडे आजही दुर्लक्ष होते. या माणसाचे चरित्र आठवायचे ते त्यासाठी.

कोर्साकॉव्हचा जन्म १८५४ साली रशियाच्या व्लादिमीर प्रांतातील गुस-ख्रुस्ताल्नी या गावी झाला. गावाच्या नावातच स्फटिकाचा उल्लेख आहे, कारण तेथे उंची काचसामान बनविण्याचा प्रसिद्ध कारखाना होता आणि सर्गेईचे वडील त्या कारखान्याचे व्यवस्थापक होते. मद्याच्या चषकांसाठी नावाजलेल्या गावात जन्मलेल्या मुलाने पुढे मद्याने केलेल्या हानीचा अभ्यास करावा, हा योगायोग एखाद्या कादंबरीकाराने रचला असता तर आपण तो अतिरंजित म्हणून सोडून दिला असता. दहाव्या वर्षी तो मॉस्कोच्या शाळेत दाखल झाला, सोळाव्या वर्षी मॉस्को विद्यापीठाच्या वैद्यक शाखेत आणि १८७५ साली, वयाच्या एकविसाव्या वर्षी, डॉक्टर होऊन बाहेर पडला.

त्याने पहिली नोकरी धरली ती प्रेओब्राझेन्स्की रुग्णालयात. मॉस्कोचे हे सर्वांत जुने मनोरुग्णालय. त्या काळी अशा ठिकाणी उपचारापेक्षा बंदोबस्तच अधिक असे. उसळलेल्या रुग्णाला लांब बाह्यांच्या आवळ सदऱ्यात जखडणे, अंधाऱ्या खोलीत एकटे कोंडणे, हे नित्याचे होते. तरुण डॉक्टराने ते सारे जवळून पाहिले. १८७६ ते १८७९ ही तीन वर्षे त्याने अलेक्सेई कोझेव्हनिकॉव्ह यांच्या हाताखाली मज्जातंतूंच्या विकारांचे शिक्षण घेतले. या तीन वर्षांचे मोल फार आहे. मन आणि मज्जा या दोन गोष्टी तेव्हा वेगवेगळ्या खात्यांत वाटल्या गेल्या होत्या. वेड्यांचा डॉक्टर निराळा आणि लुळ्यापांगळ्यांचा निराळा. कोर्साकॉव्ह दोन्हीकडे वावरला होता, म्हणूनच पुढे जे इतरांच्या नजरेतून निसटले ते त्याच्या नजरेत भरले.

ते असे. बेसुमार दारू पिणाऱ्या काही माणसांचे पाय हळूहळू दुबळे होतात, तळव्यांची आग होते, मुंग्या येतात, चालणे कठीण होते. मज्जातंतूंचा हा दाह वैद्यकाला ठाऊक होता. दारुड्यांची स्मृती ढासळते हेही ठाऊक होते. रॉबर्ट लॉसन या ब्रिटिश डॉक्टराने १८७८ साली त्याविषयी लिहिले होते. पण पाय पाहणारा डॉक्टर रुग्णाच्या बोलण्याकडे फारसे लक्ष देत नसे आणि मन पाहणारा त्याचे पाय तपासत नसे. कोर्साकॉव्हने दोन्ही एकत्र तपासले. हे दोन स्वतंत्र आजार नसून एकाच रोगाची दोन रूपे आहेत, असे त्याचे मत बनत गेले. १८८७ साली त्याने मद्यजन्य पक्षाघातावरील आपला प्रबंध सादर केला आणि त्यानंतरच्या तीन-चार वर्षांत या विषयावर एकामागून एक निबंध लिहिले.

या निबंधांतील निरीक्षणे आज वाचतानाही थक्क व्हायला होते. प्रयोगशाळेतील आधुनिक साधने नव्हती, मेंदूची छायाचित्रे घेणारी यंत्रे तर कल्पनेतही नव्हती. त्याच्याजवळ होता तो वेळ, आणि रुग्णाचे बोलणे शेवटपर्यंत ऐकण्याची तयारी. त्याने नोंदविले, की या रुग्णांची जुनी स्मृती बरीच शाबूत असते. आजारापूर्वीच्या गोष्टी ते नीट सांगतात. आजाराच्या सुरुवातीपासूनचे आणि त्याच्या थोडे आधीचे मात्र काहीच टिकत नाही. पुस्तकाचे एकच पान रुग्ण तासन् तास वाचू शकतो, कारण प्रत्येक वेळी ते त्याला नवेच असते. तर्कशक्ती, शिष्टाचार, भाषेवरील पकड या गोष्टी बऱ्याच अंशी जागेवर असतात. म्हणूनच तो वरवर शहाणा दिसतो.

त्याहून विलक्षण भाग पुढे आहे. काल काय केलेत, असे अशा रुग्णाला विचारले तर आठवत नाही असे तो सहसा म्हणत नाही. दोन महिने अंथरुणाला खिळलेला माणूस निःशंकपणे सांगतो, की काल गाडीतून शहरात फेरफटका मारून आलो, अमक्याला भेटलो, त्याच्याशी हे हे बोलणे झाले. यात फसविण्याचा हेतू नसतो. स्मृतीत पडलेले भगदाड मेंदू हाताशी असेल त्या जुन्या तुकड्यांनी बुजवून टाकतो आणि त्या माणसाला ते खरेच घडले असे वाटते. कोर्साकॉव्हने या बनावट आठवणींचे केलेले वर्णन पुढच्या पिढ्यांना फारसे सुधारावे लागलेले नाही.

इथे थोडे थांबायला हवे. ज्या घरांत वर्षानुवर्षे दारू आहे, तेथे खोटे बोलणे हाही दिनक्रमाचाच भाग झालेला असतो. बाटली लपविणारा, पैसे कुठे गेले ते न सांगणारा, आज घेतली नाही अशी शपथ वाहणारा माणूस घरच्यांनी आयुष्यभर पाहिलेला असतो. असा माणूस एके दिवशी धडधडीत न घडलेली गोष्ट सांगू लागला, तर ती त्याच्या जुन्याच खोटेपणाची पुढची पायरी समजली जाते. त्याच्यावर ओरडले जाते, अबोला धरला जातो. तो आजारी आहे, आणि या वेळी खोटे बोलतच नाही, हे कुणाच्या ध्यानात येत नाही. दारूने त्या घरातील विश्वास आधीच संपविलेला असतो, म्हणून आजार ओळखायला उशीर होतो. कोर्साकॉव्हच्या रुग्णांच्या नशिबी तरी ऐकून घेणारा एक माणूस आला होता.

त्याचे आणखी एक निरीक्षण पुढील शतकातील मानसशास्त्राला फार पुढचे ठरले. एका रुग्णावर विजेच्या यंत्राने उपचार केले जात. हे यंत्र त्याने पाहिले ते आजारी पडल्यानंतरच, म्हणजे नियमाप्रमाणे ते त्याच्या लक्षात राहायला नको. तसे विचारले तर त्याला काही आठवतही नसे. पण यंत्राची पेटी पुढे दिसताच तो म्हणे, की बहुधा मला विजेचे झटके द्यायला आला असाल. म्हणजे स्मृतीचा ठसा कुठेतरी उमटत होता, फक्त त्याच्यापर्यंत पोहोचण्याची वाट तुटली होती. जाणिवेला पत्ता नसलेली स्मृतीही असू शकते, हा विचार मानसशास्त्राच्या प्रयोगांत रुजायला त्यानंतर अनेक दशके जावी लागली.

या संशोधनाच्या जोडीने त्याचे दुसरे काम चालू होते आणि रशियातील सर्वसामान्यांच्या दृष्टीने तेच मोठे होते. १८८१ पासून मॉस्कोतील एका खासगी मनोरुग्णालयाची जबाबदारी त्याच्याकडे आली. त्याने तेथील जखडबंदी बंद केली. त्यापूर्वी चार दशके इंग्लंडमध्ये जॉन कॉनॉली यांनी हॅनवेलच्या रुग्णालयात हेच केले होते. पण रशियात हे धाडसच होते. मध्यंतरी व्हिएन्नाला जाऊन तो थिओडोर मायनर्ट यांच्याकडे शिकून आला. १८८७ साली मॉस्को विद्यापीठाचे मनोविकार चिकित्सालय देव्हिच्ये पोल्ये या भागात सुरू झाले. त्यासाठी पैसा दिला तो वार्वारा मोरोझोवा या कापडगिरण्यांच्या मालकिणीने. तिचा पती मनोविकाराने खंगून १८८२ साली वारला होता आणि त्याच्या स्मरणार्थ तिने ही वास्तू उभी करून दिली. पुढल्याच वर्षी कोर्साकॉव्ह तिचा प्रमुख झाला. १८९२ साली तो प्राध्यापक झाला, १८९३ साली त्याचे मनोविकारशास्त्रावरील पाठ्यपुस्तक निघाले आणि रशियन डॉक्टरांच्या किती तरी पिढ्या त्यावर शिकल्या.

या चिकित्सालयात खिडक्यांना गज नव्हते, एकांतकोठड्या नव्हत्या. रुग्णांसाठी संगीत होते, करमणुकीचे कार्यक्रम होते. आवाराला लागूनच खामोव्निकी येथील एका घराची बाग होती आणि त्या घराचे मालक होते लिओ टॉलस्टॉय. १८८२ पासून जवळजवळ वीस हिवाळे टॉलस्टॉय कुटुंब तेथे राहिले. याच टॉलस्टॉय यांनी १८८७ साली मद्यपानाविरुद्ध एक मंडळ स्थापन केले होते आणि माणसे स्वतःला नशेत का बुडवतात, यावर १८९० साली निबंध लिहिला होता. त्यांच्या मते माणूस पितो तो सदसद्विवेकाचा आवाज दाबण्यासाठी. कुंपणाच्या एका बाजूला दारूकडे नीतीचा प्रश्न म्हणून पाहणारा महर्षी आणि दुसऱ्या बाजूला तिच्याकडे मज्जातंतूंचा प्रश्न म्हणून पाहणारा डॉक्टर! दोघांचीही माणसावर माया होती. पण रुग्णाला अधिक उपयोगी पडली ती डॉक्टरची नजर, असे मला वाटते. त्याच दशकात रशियन सरकारने व्होडकाच्या विक्रीची मक्तेदारी टप्प्याटप्प्याने स्वतःकडे घ्यायला सुरुवात केली होती. सरकारी तिजोरी आणि दारू यांचे नाते कोणत्या देशात अवघडलेले नाही?

कोर्साकॉव्हच्या शोधाला मान्यता मिळाली ती मायदेशातच. १८९७ साली मॉस्को येथे आंतरराष्ट्रीय वैद्यक परिषद भरली. बर्लिनचे फ्रिडरिश योली यांनी या विकाराला कोर्साकॉव्हचे नाव द्यावे असे सुचविले आणि ते रूढ झाले. कोर्साकॉव्हने स्वतः त्याला एक लांबलचक लॅटिन नाव दिले होते. त्याचा अर्थ साधारण असा, की रक्तातील विषामुळे जडणारा मेंदूचा मनोविकार.

त्या नावातच त्याची चूकही आहे, आणि ती चूक शिकण्याजोगी आहे. एक गोष्ट कोर्साकॉव्हच्या लक्षात आली होती, की हाच विकार दारूच्या थेंबालाही न शिवलेल्या काही जणांत दिसतो. बाळंतपणानंतरच्या ज्वरात, विषमज्वरात, क्षयात, दीर्घकाळ चाललेल्या उलट्यांत. म्हणजे कारण केवळ दारू हे नव्हे. मग या सर्वांत समान काय? कोर्साकॉव्हने उत्तर दिले, रक्तात साठणारे एखादे विष. खरे उत्तर नेमके उलटे होते. शरीरात काही शिरले म्हणून हा आजार होत नव्हता, जे हवे ते शरीराला मिळत नव्हते म्हणून होत होता. काहीतरी नसल्यामुळे रोग होतो, ही कल्पना तेव्हा वैद्यकात फारशी रुजलेली नव्हती. जंतूंचे आणि विषांचे ते युग होते. गंमत म्हणजे त्याच काळात जावा बेटावर ख्रिस्तियान आयकमन हा डच डॉक्टर पांढरा सडीक तांदूळ खाऊन पाय लुळे पडलेल्या कोंबड्या पाहत होता आणि तोही प्रथम भातातील विषावरच संशय घेत होता. कोंड्यातच ते जीवनावश्यक द्रव्य आहे, हे पुढे उलगडले. १९२६ साली ते द्रव्य शुद्ध स्वरूपात वेगळे काढण्यात आले. त्याची रचना उकलून १९३६ साली ते कृत्रिमरीत्या बनविले ते रॉबर्ट विल्यम्स या अमेरिकन रसायनतज्ज्ञाने. हा विल्यम्स जन्माने आपल्या नेल्लोरचा, मिशनरी आईबापांचा मुलगा. ते द्रव्य म्हणजे थायमिन, अर्थात ब-१ जीवनसत्त्व. (आपल्या कोकण-गोव्यातील उकड्या तांदळात ते सडीक पांढऱ्या तांदळापेक्षा अधिक टिकून राहते, कारण उकडताना ते कोंड्यातून दाण्यात उतरते.)

दारू आणि थायमिन यांचे वैर तिहेरी आहे. भरपूर पिणारा माणूस नीट जेवत नाही, दारूतूनच उष्मांक मिळत असल्याने त्याला भूकही लागत नाही. जे थोडे पोटात जाते त्यातील थायमिन आतड्यातून शोषले जाण्यात दारू अडथळा आणते. आणि खराब झालेल्या यकृताला ते साठविता येत नाही. शरीरातला साठा मुळात तुटपुंजा, जेमतेम तीस मिलिग्रॅम. काही आठवड्यांत तो संपतो. मेंदू साखरेवर चालतो आणि त्या साखरेचे ज्वलन थायमिनवाचून होत नाही. त्याचा पहिला फटका बसतो तो मेंदूच्या तळाशी असलेल्या वाटाण्याएवढ्या दोन गाठींना आणि त्यांच्या भोवतालच्या भागाला. नव्या आठवणी रुजविण्याच्या साखळीतील ते कळीचे दुवे आहेत.

या फटक्याचे तातडीचे रूप कार्ल व्हेर्निके या जर्मन डॉक्टराने १८८१ सालीच वर्णिले होते. डोळ्यांची हालचाल बिघडणे, तोल जाणे, गोंधळलेपण. त्याच्या तीन रुग्णांपैकी दोघे दारुडे होते आणि तिसरी गंधकाम्ल प्यालेली एक शिवणकाम करणारी तरुणी, जिला नंतर उलट्या थांबेनात. व्हेर्निके आणि कोर्साकॉव्ह समकालीन. पण आपण एकाच रोगाचे दोन अंक पाहत आहोत हे दोघांनाही कळले नाही. पहिल्या अंकात, म्हणजे व्हेर्निकेच्या अवस्थेत, शिरेतून थायमिन भरपूर दिले तर डोळ्यांची हालचाल काही तासांत सुधारू शकते. दुसरा अंक सुरू झाला की काम कठीण होते. मॉरिस व्हिक्टर, रेमंड अ‍ॅडम्स आणि जॉर्ज कॉलिन्स यांनी १९७१ साली प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात अशा रुग्णांचा दीर्घ मागोवा आहे. जवळजवळ एक पंचमांश पूर्ववत झाले, साधारण चौथ्या हिश्शात काहीही फरक पडला नाही, उरलेले कमीअधिक सुधारले.

या विकाराला स्मृतिभ्रंश म्हणावे की नाही यावर तज्ज्ञांत वाद आहे. अल्झायमरसारखा तो पुढेपुढे सरकत नाही, दारू थांबली आणि पोषण मिळाले तर जागच्या जागी थबकतो, कधी मागेही हटतो. पण दारू मेंदूला इतर वाटांनीही झिजवते. यकृताचे विकार, वारंवार पडून डोक्याला होणाऱ्या इजा, रक्तदाब, फिट्स. फ्रान्समध्ये २००८ ते २०१३ या काळातील रुग्णालयीन नोंदींचा एक प्रचंड अभ्यास २०१८ साली प्रसिद्ध झाला. पासष्टीच्या आत स्मृतिभ्रंश झालेल्या सुमारे ५७ हजार रुग्णांपैकी निम्म्याहून अधिक जणांच्या नोंदीत मद्याशी निगडित मेंदूची हानी किंवा मद्याचे व्यसन आढळले. स्मृतिभ्रंश म्हटले की आपल्या डोळ्यांपुढे ऐंशीचे आजोबा येतात. ही माणसे नोकरीच्या वयातली होती.

आणि निदान? ऑस्ट्रेलियातील पर्थ येथील शवविच्छेदनांचा एक अभ्यास १९८६ साली प्रसिद्ध झाला. व्हेर्निके-कोर्साकॉव्हच्या खुणा मेंदूत सापडलेल्या १३१ जणांपैकी हयात असताना निदान झालेले केवळ वीस टक्के होते. पाठ्यपुस्तकातील तिन्ही लक्षणे एकत्र असलेले तर सोळाच टक्के. म्हणजे तिन्हींची वाट पाहणारा डॉक्टर बहुतेकांना मुकणार. त्या देशाने १९९१ पासून पावाच्या पिठात थायमिन मिसळणे सक्तीचे केले. आपल्याकडे बेशुद्ध, उपाशी, दारू प्यालेला माणूस दवाखान्यात आणला की पहिला हात जातो तो ग्लुकोजच्या सलाईनकडे. थायमिनविना नुसते ग्लुकोज चढविले तर उरलासुरला साठाही खर्ची पडून मेंदूची हानी वाढू शकते. म्हणून अशा रुग्णाला ग्लुकोजच्या आधी किंवा सोबत थायमिन द्यावे असा संकेत आहे, आणि रुग्ण वर्षानुवर्षे पिणारा आहे हे डॉक्टरांना स्पष्ट सांगणे नातेवाइकांच्या हाती आहे. लाजेपोटी नेमके तेच लपविले जाते. हे औषध अगदी स्वस्त मिळते, हे येथे नमूद केलेले बरे.

कोर्साकॉव्हला यातले काहीच पाहायला मिळाले नाही. त्याचे हृदय फार लवकर थकले. १९०० सालच्या मे महिन्यात, वयाच्या अवघ्या सेहेचाळिसाव्या वर्षी, हृदयविकाराने त्याचा अंत झाला. पाठ्यपुस्तकाची दुसरी, बरीच वाढविलेली आवृत्ती त्याच्या मागे निघाली. त्याच्या सहकाऱ्यांनी १९०१ साली त्याच्या नावाने मज्जा व मनोविकारांचे एक नियतकालिक सुरू केले. त्याचा शिष्य व्लादिमीर सेर्ब्स्की चिकित्सालयाचा प्रमुख झाला आणि १९११ साली सरकारच्या विद्यापीठविषयक दडपशाहीचा निषेध म्हणून त्याने पद सोडले. पुढे सोव्हिएत काळात याच सेर्ब्स्कीच्या नावाच्या संस्थेत धडधाकट राजकीय विरोधकांना वेडे ठरविण्याचे उद्योग झाले. गुरुशिष्यांच्या वाट्याला आलेला हा दैवदुर्विलास आहे.

देव्हिच्ये पोल्येवरील ती इमारत कोर्साकॉव्हचेच नाव धारण करून आहे. आवारात त्याचा अर्धपुतळा आहे, आणि कुंपणापलीकडे टॉलस्टॉय यांची बाग, जिचे आता संग्रहालय झाले आहे.